भरलेल्या गाडीचे जडत्व

एस. टी. एकाएकी थांबली म्हणजे उभे असलेले उतारू पुढे का कलंडतात, असा प्रश्न वर्गात विचारल्यास "ब्रेकचा धक्का बसतो" असे उत्तर बहुधा मिळते. हे उत्तर दिशाभूल करणारे आहे. ब्रेक अडवतो तो गाडीला, उतारूला नव्हे. पुढे ढकलणारे कोणतेही नवे बल तेथे निर्माण होत नाही; पाय गाडीबरोबर थांबतात व वरचे शरीर पूर्वीची गती राखू पाहते. वस्तूच्या या गुणधर्मास जडत्व म्हणतात. गॅलिलिओच्या विचारांचा आधार घेऊन न्यूटनने १६८७ साली तो आपल्या गतिविषयक पहिल्या नियमात मांडला.

जडत्वाचे माप म्हणजे वस्तुमान. खेड्यातील मुलांना हे व्याख्येपेक्षा बैलगाडीवरून लवकर कळेल. भरलेली गाडी जागची हलविताना बैलांना जो नेट लावावा लागतो, तो सपाट वाटेवर ती चालू लागल्यावर लागत नाही. (यात घर्षणाचाही वाटा असतो, हे चौकस मुलास अवश्य सांगावे.) उतारावर तीच गाडी बैलांच्या मानेवर येते.

भरलेली गाडी उतारावर रिकाम्या गाडीपेक्षा फार वेगाने धावते, अशी पुष्कळांची समजूत असते. ती प्रयोगाने तपासून पाहावी. फळीचा उतार करून त्यावरून खेळण्यातील गाडी प्रथम रिकामी व मग वाळू भरून सोडावी. दोन्ही वेळी ती पायथ्याशी जवळजवळ सारख्याच वेगाने पोहोचेल. मात्र पायथ्याशी एक लहान ठोकळा ठेवला, तर भरलेली गाडी त्याला अधिक दूर ढकलीत नेईल. फरक मुख्यतः वेगात नसून ती गती थोपविण्यास लागणाऱ्या बळात आहे.

हाच फरक गळिताच्या हंगामात रस्त्यावर जिवावर बेतू शकतो. उसाच्या ज्या ट्रॉलीस स्वतःचे ब्रेक नसतात, तिला थोपविण्याचा सारा भार ट्रॅक्टरच्या ब्रेकवर पडतो. समजा, २ टनांचा ट्रॅक्टर एकटा असता ४ मीटरांत थांबतो. त्यामागे ८ टनांची ट्रॉली जोडल्यास एकूण वस्तुमान पाचपट होते. ब्रेकचे बल व वेग तेच राहिल्यास सपाट रस्त्यावरही थांबण्यास २० मीटर लागतील. वेग दुप्पट केल्यास हे अंतर चौपट, म्हणजे ८० मीटर होईल. उतारावर ते आणखी वाढते, आणि जोराने ब्रेक दाबल्यास मागील ट्रॉली ट्रॅक्टरला रेटून आडवाही करू शकते.

वळणावर तर रचलेल्या उसाची उंची घातक ठरते. रस्ता चाकांना आतल्या बाजूस वळवितो, वरचा ऊस सरळच जाऊ पाहतो. गुरुत्वमध्य उंच असल्याने ट्रॉली बाहेरच्या बाजूस उलटण्याचा संभव असतो. ऊस उपसण्यासाठी चालत्या ट्रॉलीला लोंबकळणारी मुले शाळेतलीच असतात. वरील गणित त्यांच्याकडूनच फळ्यावर सोडवून घ्यावे, आणि ४ व ८० मीटरांची अंतरे शाळेच्या पटांगणात पावलांनी मोजावयास लावावीत.