समस्याधारित अध्ययन (वैद्यकीय शिक्षण)

समस्याधारित अध्ययन ही वैद्यकीय शिक्षणातील एक पद्धती आहे. या पद्धतीत विद्यार्थ्यांचा लहान गट एखाद्या रुग्णाची समस्या समोर ठेवतो, ती उलगडण्यासाठी आपल्याला काय ठाऊक नाही हे ठरवितो आणि ते ज्ञान स्वतःच्या प्रयत्नाने मिळवितो. आधी व्याख्यान व मग रुग्ण, हा रूढ क्रम येथे उलटा होतो. मराठीत ‘अध्यापन’ म्हणजे शिकविणे व ‘अध्ययन’ म्हणजे शिकणे या दोन शब्दांची सरमिसळ वरचेवर होते. या पद्धतीच्या नावात मात्र दुसराच शब्द योग्य ठरतो. आपली गरज ओळखणे, साधने शोधणे व प्रगती तपासणे ही जबाबदारी विद्यार्थ्याने स्वतः घेण्याला स्वयंनिर्देशित अध्ययन म्हणतात. अमेरिकन प्रौढशिक्षणतज्ज्ञ माल्कम नोल्स यांनी इ.स. १९७५ मध्ये या विषयावर स्वतंत्र पुस्तक लिहिले. समस्याधारित अध्ययन हा त्या व्यापक कल्पनेचा वैद्यकशास्त्रातील सर्वाधिक परिचित प्रयोग होय.

पार्श्वभूमी

अब्राहम फ्लेक्सनर यांच्या इ.स. १९१० च्या अहवालानंतर उत्तर अमेरिकेत वैद्यकीय अभ्यासक्रमाची दोन भागांत विभागणी स्थिरावली. पहिली दोन वर्षे शरीररचनाशास्त्र, शरीरक्रियाशास्त्र, जीवरसायनशास्त्र आदी मूलभूत विषयांची आणि पुढची दोन वर्षे रुग्णालयातील. या रचनेने वैद्यकाला शास्त्रीय पाया दिला, हे निर्विवाद आहे. परंतु पहिल्या वर्षी पाठ केलेले रुग्णाच्या खाटेपाशी पोहोचेपर्यंत विसरले जाई, आणि जे आठवे ते नेमके कोठे उपयोगी पडते हे उमगत नसे.

कॅनडातील हॅमिल्टन येथील मॅकमास्टर विद्यापीठाने नवे वैद्यकीय महाविद्यालय उभारताना ही विभागणीच मोडली. जॉन इव्हान्स हे संस्थापक अधिष्ठाता होते. इ.स. १९६९ मध्ये २० विद्यार्थ्यांची पहिली तुकडी दाखल झाली. अभ्यासक्रम तीन वर्षांचा होता, व्याख्याने अत्यल्प होती आणि रूढ लेखी परीक्षा नव्हत्या. मज्जाविकारतज्ज्ञ हॉवर्ड बॅरोज यांना या पद्धतीचे जनक म्हणण्याचा प्रघात आहे, पण ते संस्थापकांच्या मूळ गटातील नव्हते. त्यांनी रॉबिन टॅम्बलिन यांच्यासह इ.स. १९८० मध्ये लिहिलेल्या पुस्तकामुळे पद्धतीला सुस्पष्ट मांडणी लाभली. त्यापूर्वी नेदरलँड्समधील मास्ट्रिख्ट (१९७४) आणि ऑस्ट्रेलियातील न्यूकॅसल (१९७८) येथील नव्या महाविद्यालयांनी ती स्वीकारली होती. हार्वर्डसारख्या जुन्या संस्थेने इ.स. १९८५ मध्ये तिचा अंश असलेला नवा अभ्यासक्रम सुरू केला.

कार्यपद्धती

गट साधारणतः ६ ते १० जणांचा असतो. मास्ट्रिख्ट येथे रूढ झालेल्या सात पायऱ्या बहुतेक ठिकाणी थोड्याफार फरकाने पाळल्या जातात. त्या एका उदाहरणाने समजणे सोपे जाईल.

गटापुढे पुढील मजकूर येतो : ‘५८ वर्षांच्या बाई. जिना चढताना धाप लागते. रात्री दोन-तीन उशा घेतल्याशिवाय झोप लागत नाही. संध्याकाळी पाय सुजतात.’ प्रथम अपरिचित शब्दांचा अर्थ लावला जातो. त्यानंतर प्रश्न नेमका ठरतो : धाप, उशा आणि सूज यांचा परस्परसंबंध काय? तिसऱ्या पायरीवर प्रत्येक जण सुचेल ते स्पष्टीकरण मांडतो. कोणी हृदय म्हणतो, कोणी मूत्रपिंड, कोणी रक्तक्षय. येथे चुकीचे बोलण्यास पूर्ण मुभा असते. चौथ्या पायरीवर हे तर्क जुळविले जातात. आडवे झाल्यावर पायांतील रक्त छातीकडे अधिक परतते, मग दुर्बल हृदय ते पुढे ढकलू शकत नसेल तर फुप्फुसांत दाब वाढेल काय? येथवर आल्यावर गटाची गाडी अडते. रक्तवाहिन्यांतून पाणी बाहेर का झिरपते, मूत्रपिंड मीठ का धरून ठेवते, हे कोणालाच सांगता येत नाही. हे अडलेले प्रश्न म्हणजेच पाचव्या पायरीवरील अध्ययनाची उद्दिष्टे. सहावी पायरी एकट्याच्या अभ्यासाची असते. काही दिवसांनी गट पुन्हा जमतो आणि मिळविलेले ज्ञान त्याच बाईंच्या तक्रारींना लावून पाहतो.

निदान अचूक सांगणे हे या बैठकीचे साध्य नसते. मास्ट्रिख्ट येथील हेंक श्मिट यांच्या मते आधी जे ठाऊक आहे ते चर्चेने जागे झाले की त्यावर नवे ज्ञान अधिक घट्ट बसते. म्हणून तिसरी व चौथी पायरी घाईने उरकणे म्हणजे पद्धतीचा गाभाच गमावणे होय.

शिक्षकाची भूमिका

गटाबरोबर बसणाऱ्या शिक्षकाला ‘ट्यूटर’ म्हणतात. हा शब्द ऐकताच मराठी वाचकाला शिकवणी घेणारे मास्तर आठवतील, पण येथील काम जवळजवळ उलट आहे. ट्यूटर उत्तर देत नाही. ‘हे कशावरून?’ असे विचारतो, गप्प बसलेल्याला बोलते करतो आणि चर्चा भरकटली तर सावरतो. ठाऊक असलेले उत्तर ओठांवर रोखून धरणे हे व्याख्यान देण्यापेक्षा कठीण असते, आणि त्यासाठी प्रशिक्षण लागते.

परिणाम व टीका

इ.स. १९९३ मध्ये आल्बनीज व मिचेल यांनी तोवरच्या संशोधनाचा आढावा घेतला. या पद्धतीचे विद्यार्थी रुग्णतपासणीच्या कौशल्यात इतरांच्या बरोबरीचे किंवा सरस आढळले आणि शिक्षणाबद्दल अधिक समाधानी होते. मूलभूत शास्त्रांच्या परीक्षांत मात्र ते काही वेळा मागे पडले. किर्शनर, स्वेलर व क्लार्क यांनी इ.स. २००६ मध्ये अधिक मूलगामी आक्षेप घेतला : नवख्या विद्यार्थ्याची कार्यकारी स्मृती मर्यादित असते, त्यामुळे त्याला पुरेसे मार्गदर्शन न देता समस्येत सोडणे परिणामकारक नसते. सुघटित समस्या व सजग ट्यूटर हेच मार्गदर्शन आहे, असे समर्थकांचे उत्तर आहे. ते योग्यच आहे. मात्र या दोन्ही गोष्टी जेथे नाहीत तेथे आक्षेप जसाच्या तसा लागू पडतो.

स्व-मूल्यमापनाचा प्रश्न

आपल्याला काय येत नाही हे विद्यार्थ्याला कळते, या गृहीतकावर ही सारी पद्धती उभी आहे. तेच तिचे नाजूक ठिकाण. कॅनडातील डेव्हिड डेव्हिस आणि सहकाऱ्यांनी इ.स. २००६ मध्ये डॉक्टरांनी स्वतःविषयी केलेले मूल्यमापन आणि बाह्य मूल्यमापन यांच्या २० तुलना तपासल्या. त्यांपैकी १३ तुलनांमध्ये दोहोंत संबंध अत्यल्प, शून्य किंवा उलटा निघाला. सर्वांत कमी कुशल आणि सर्वांत आत्मविश्वासू डॉक्टरांचे अंदाज सर्वाधिक चुकले. ज्याची उणीव मोठी, त्यालाच ती दिसत नाही. आणि वैद्यकात या चुकीची किंमत रुग्ण मोजतो.

मॅकमास्टरलाही याचा अनुभव आला. इ.स. १९८० च्या दशकाच्या अखेरीस राष्ट्रीय परवाना परीक्षेत तेथील पदवीधरांच्या अपयशाचे प्रमाण देशाच्या सरासरीपेक्षा बरेच अधिक होते. त्यामुळे पुढील दशकाच्या आरंभी तेथे ‘प्रगती चाचणी’ आली. पदवीच्या पातळीचे १८० बहुपर्यायी प्रश्न सर्व वर्षांच्या विद्यार्थ्यांना वर्षातून तीनदा दिले जात. त्यावर उत्तीर्ण-अनुत्तीर्ण ठरत नसे. केवळ आपण कोठे उभे आहोत हे विद्यार्थ्याला समजे. अपयशाचे प्रमाण त्यानंतर घटले. व्याख्याने मात्र परत आणावी लागली नाहीत.

भारतातील स्थिती

भारतात इ.स. २०१९ पासून एम.बी.बी.एस.साठी क्षमताधारित अभ्यासक्रम लागू झाला आणि त्यात स्वयंनिर्देशित अध्ययनाला प्रथमच स्वतंत्र तास मिळाले. त्या आराखड्यात शरीररचनाशास्त्राच्या ६७५ तासांपैकी ४०, शरीरक्रियाशास्त्राच्या ४९५ पैकी २५ आणि जीवरसायनशास्त्राच्या २५० पैकी २० तास यासाठी होते. वेळापत्रकात ‘स्वयंनिर्देशित’ तास नेमून देणे यात किंचित विसंगती आहे, पण तास नेमले नसते तर ते व्याख्यानांनीच व्यापले असते. खरी अडचण संख्येची आहे. १५० विद्यार्थ्यांच्या वर्गाचे आठ-आठ जणांचे गट केले तर १९ गट होतात. तितके प्रशिक्षित ट्यूटर आणि तितक्या छोट्या खोल्या एकाच वेळी लागतात. शिवाय पदव्युत्तर प्रवेश बहुपर्यायी प्रश्नांच्या परीक्षेवर ठरत असल्याने, एका प्रश्नावर दोन दिवस घालविण्यास विद्यार्थी राजी होणे सोपे नसते.