थ्री नॉट थ्रीमधले ली

नरखेड तालुक्यात ‘ली-एनफिल्ड’ रायफल म्हटलं तर फारसं कुणाला उमगणार नाही. ‘थ्री नॉट थ्री’ म्हणा, निवडणुकीच्या बंदोबस्तात ती पाहिलेली माणसं लगेच बोलू लागतात. ०.३०३ हे नळीच्या छिद्राचं इंचातलं माप, म्हणजे ७.७ मिलिमीटर. मापाचा आकडा गावोगाव पोचला, ज्यांनी ती घडवली त्यांचं नाव मागं राहिलं. याची मला मनापासून खंत वाटते, कारण एनसीसीत तिचा बोल्ट ओढला तेव्हापासून मला त्या माणसाबद्दल आदर आहे.

तो माणूस म्हणजे जेम्स पॅरिस ली. त्यांचा जन्म १८३१ साली स्कॉटलंडमधल्या हॉइकचा. लहानपणीच ते कॅनडात गेले आणि पुढं अमेरिकेत स्थायिक झाले. १८७९ साली त्यांनी बोल्टखाली बसणाऱ्या पेटीसारख्या मॅगझिनचं पेटंट घेतलं. बोल्टची मूठ वर करून मागं ओढली की रिकामं टरफल बाहेर पडतं. पुढं ढकलली की मॅगझिनमधलं नवं काडतूस नळीत जातं. ही ये-जा इतकी आखूड, की दस्ता खांद्यावरून न हलवता पुढची गोळी झाडता येते. या रायफलच्या मॅगझिनमध्ये १० काडतुसं मावत. पहिल्या महायुद्धाआधी ब्रिटिश शिपायाकडून मिनिटाला १५ नेमक्या गोळ्यांची तयारी करून घेत, ती याच बोल्टच्या बळावर.

१८८८ साली ब्रिटिशांनी ही रायफल घेतली आणि पुढं तिला ली-मेटफर्ड हे नाव मिळालं. नळीच्या आत गोळीला फिरकी देणाऱ्या खाचा विल्यम मेटफर्ड यांच्या होत्या. त्या उथळ, गोलसर; काळ्या दारूची काजळी त्यात साचून राहत नसे. मग धूर न करणारी कॉर्डाइट दारू आली आणि तिच्या उष्णतेनं त्या खाचा लवकर झिजू लागल्या. लंडनच्या उत्तरेला एनफिल्डच्या सरकारी कारखान्यानं खोल, कडेदार खाचा पाडल्या. १८९५ साली मेटफर्ड नावातून गेले, एनफिल्ड आलं.

पुढं बंगालमधल्या इशापूरला या रायफली बनल्या. त्यांची काडतुसं आपल्या खडकीच्या कारखान्यातही तयार होत. १९६०च्या दशकात इशापूरनं जास्त मजबूत पोलाद वापरून ७.६२ मिलिमीटरची ‘२ए१’ काढली. तिच्या नावात ली नाहीत, एनफिल्डही नाही. बोल्ट मात्र लींच्याच पद्धतीचा.