घंटेच्या अंगावर काय लिहिलंय

पौडहून निघायचं, मुळशी धरणाच्या काठाकाठाने ताम्हिणी गाठायची, घाट उतरून पाटणूसवरून पालीचा रस्ता धरायचा. आमच्या मुळशी खोऱ्यातून बल्लाळेश्वराला जायची ही नेहमीची वाट. लहानपणी देवळात शिरलं की मी आधी घंटेसाठी कडेवर घ्यायला लावायचो. ती मोठी घंटा युरोपीय घडणीची आहे आणि वसई-साष्टीत पोर्तुगीजांवर मिळवलेल्या विजयानंतर मराठा सेनानी चिमाजी अप्पांनी अष्टविनायकांच्या देवळांना ज्या घंटा वाहिल्या त्यांतली ती एक मानली जाते, हे कळायला मला बरीच वर्षं लागली. कळल्यावर मात्र अशा घंटा शोधत हिंडण्याचा नादच लागला. भीमाशंकर झालं, वाईजवळचं मेणवली झालं, नाशिक झालं. या घंटा कशा ओतल्या गेल्या, त्यांचे पैसे कुणी मोजले आणि त्या आपल्या देवळांत कशा आल्या, यातलं बरंचसं त्यांच्या अंगावरच वाचता येतं. फक्त कुठे पाहायचं ते ठाऊक हवं.

सुरुवात आकारापासून करू. आपल्याकडच्या देवळातली नेहमीची घंटा वाटीसारखी, कड थोडी जाडसर. वसईहून आलेल्या घंटेला खांदे असतात, कंबर असते, आणि खाली घेरदार झग्यासारखा पसरलेला ओठ असतो. हा ओठ फार जाड असतो, तोंडाच्या व्यासाच्या साधारण तेराव्या-चौदाव्या हिश्शाएवढा. लोलक आदळतो तो नेमका इथे. घंटा ऐकू येते ती एका स्वराची, पण त्यात चार-पाच स्वर एकदम मिसळलेले असतात. ठोक्याच्या स्वराखाली एक सप्तक उतरून खर्ज घुमत राहतो आणि ठोका विरल्यावरही तो बराच वेळ टिकतो. मधे कोमल गंधार लागतो. घंटा शुद्ध गंधाराची का नाही, असं विचारलं तर उत्तर या आकारातच आहे: खांदा, कंबर आणि ओठ यांच्या जाडीचं हे प्रमाण ठेवलं की कोमल गंधारच उमटतो. या घंटांच्या नादात जी हुरहुर वाटते ती त्याचीच. सतराव्या शतकात, १६४० च्या दशकात, नेदरलँड्समधल्या हेमोनी बंधूंनी घंटेचा आतला भाग खरवडून हे सगळे स्वर एकमेकांशी जुळवण्याची विद्या हस्तगत केली. तोवर ओतणाऱ्याचा अंदाज आणि बापाकडून मिळालेलं माप, यांवरच सगळं चालायचं.

आता धातू. घराघरांत तळपायाला तूप लावून जी काशाची वाटी फिरवतात, ती हातात घ्या आणि नखाने टिचकी मारा. तांबं सुमारे ७८ भाग आणि कथील २२ भाग, हे आपलं कासं. युरोपातल्या घंटाकारांचं प्रमाणही जवळजवळ हेच. दोन्हीकडच्या कारागिरांना नादासाठी हेच मिश्रण सापडलं, याचा मला फार आनंद वाटतो. कथील वाढलं की धातू कठीण होतो, नाद लांबतो. पण ठिसूळपणाही वाढतो, आणि एकदा तडा गेला की घंटा बद्द वाजते. तोफेला याच्या उलट गुण लागतो. तिला स्फोट सोसायचा असतो, म्हणून तिच्या काशात कथील दहा भागांच्या आसपासच ठेवतात. हा आकडा लक्षात असू द्या, पुढे लागणार आहे.

ओतकाम पाहू, कारण घंटेवरची अक्षरं आणि चित्रं त्याच वेळी जन्माला येतात. जमिनीत खड्डा घेत. त्यात मधोमध खांब उभा करून विटा-मातीचा गाभा रचत. घंटेच्या आतल्या वळणाप्रमाणे कापलेली फळी त्या खांबाभोवती फिरवली की ओली माती नेमकी त्या वळणावर तासली जाई. गाभा वाळला की त्यावर मातीचीच एक खोटी घंटा, खऱ्या घंटेच्या जाडीची, दुसरी फळी फिरवून चढवत. आणि या खोट्या घंटेवर मेणाची अक्षरं, मेणाची वेलबुट्टी, मेणाची मूर्ती चिकटवत. मग बारीक चाळलेल्या मातीचं पातळ पाणी कुंचल्याने पुटावर पूट चढवायचं, इतकं हळुवार की मेणाच्या चेहऱ्यावरचा डोळाही बुजू नये. वर जाड मातीचं कवच. आत विस्तव पेटवला की मेण वितळून निघून जाई आणि कवचाच्या आतल्या बाजूला त्या अक्षरांची, त्या चेहऱ्याची पोकळी तेवढी उरे. कवच उचलायचं, खोटी घंटा फोडून काढायची, कवच पुन्हा जागेवर बसवायचं. आता गाभा आणि कवच यांच्या मधे घंटेच्या आकाराची रिकामी जागा तयार असते. खड्डा मातीने ठेचून भरायचा आणि भट्टीतला रस सोडायचा. आपल्या ओताऱ्यांना मेणाची ही रीत नवी नव्हती. देवाच्या पंचधातूच्या मूर्ती अशाच मुशीतून निघत आल्या आहेत.

जवळ जाऊन पाहिलं तर या रीतीच्या खुणा दिसतात. प्रत्येक अक्षराभोवती एक पुसटशी चौकट असते, ती मेणाच्या पट्टीची कड. काही जुन्या युरोपीय घंटांवर एखादं अक्षर आरशातल्यासारखं उलटं दिसतं. अक्षर मेणाने न चिकटवता थेट कवचात आतून कोरायचं झालं तर ते उलटं कोरावं लागतं. तिथे अक्षरओळख नसलेल्या कारागिराचा हात फसला, की ती चूक काशात कायमची. अनेक पोर्तुगीज घंटांवर आय, एच, एस ही तीन रोमन अक्षरं सापडतात. ती ग्रीक लिपीतल्या येशूच्या नावाची खूण. जेझुइट पाद्र्यांनी ती आपलं बोधचिन्ह केली.

मेणवलीच्या घंटेवर १७०७ साल आहे आणि बाळ येशूला घेतलेली मेरी आहे. भीमाशंकरच्या आवारात शनीच्या देवळासमोर दोन दगडी खांबांच्या मधे टांगलेल्या घंटेवरही मेरी आणि बाळ, साल १७२९. हातभर अंतरावरून पाहिली तर ही मूर्ती तळहातापेक्षा फार मोठी नसते. पण या छोट्या उठावाचं घराणं मोठं आहे. आईने बाळाला कडेवर घ्यावं, बाळाचा भार एका बाजूला पेलताना तिची मान किंचित कलावी, वस्त्राच्या चुण्यांतून गुडघा जाणवावा, हे माणसासारखं माणूस घडवणं पंधराव्या शतकातल्या इटलीत रुजलं. तिथून ते छापील चित्रांतून आणि लहान धातूच्या पदकांतून ओतारशाळांत पोचलं. पदकाचा मातीत ठसा घेतला की हवी तेवढी मेणाची मेरी तयार. फ्लॉरेन्सची कला अशी साच्यातून समुद्र ओलांडत गेली.

आता पैसे कुणी मोजले ते पाहू. त्या काळच्या युरोपात कलावंत स्वतःच्या मनाने काम करून गिऱ्हाईक शोधत नसे. आधी यजमान, म्हणजे पैसे मोजणारा, मग काम. फ्लॉरेन्समध्ये बाप्तिस्मागृहाच्या काशाच्या दारांसाठी १४०१ मध्ये स्पर्धा ठेवली ती कापडव्यापाऱ्यांच्या संघाने, आणि ती जिंकून गिबर्टीने पुढची वीसहून अधिक वर्षं त्या दारांवर घालवली. तिथल्याच सान मार्को मठाची घंटा कोसिमो द मेदिची या सावकाराच्या पैशाने झाली. १४९८ मध्ये सावोनारोला या संन्याशाच्या बाजूने ती वाजली म्हणून शहराने तिला पन्नास वर्षांची हद्दपारीची शिक्षा दिली आणि चाबकाने फोडत शहराबाहेर काढलं. घंटेला माणूस मानण्याची ही रीत पाहून मला आपल्या वेशीवरच्या देवांची आठवण येते.

वसईत यजमान होता पोर्तुगालचा राजा. पोपने त्याला पूर्वेकडच्या सगळ्या चर्चचं पालकत्व दिलं होतं. पोर्तुगीजांत याला पाद्रुआदो म्हणत. राजाने चर्च बांधायची, पाद्री पोसायचे, पूजासाहित्य पुरवायचं. बदल्यात बिशप नेमताना त्याचा शब्द चाले आणि धर्मकराचं उत्पन्न त्याला मिळे. गुजरातच्या बहादूरशहाने १५३४ मध्ये वसई पोर्तुगीजांना दिली. पुढच्या दोनशे वर्षांत जेझुइट, फ्रान्सिस्कन, डॉमिनिकन आणि ऑगस्टीनियन अशा चारही पंथांचे मठ तिथे उभे राहिले. पैसा राजाचा म्हटला तरी तो येई इथल्याच भातशेतीतून, नारळी-पोफळीतून, बंदरावरच्या जकातीतून. काही घंटा समुद्रापारहून आल्या, पण सगळ्या नाही. जुन्या गोव्याच्या कॅथेड्रलमधली ‘सोन्याची घंटा’ म्हणून प्रसिद्ध असलेली घंटा १६५२ मध्ये कुंकळ्ळीला ओतली गेली. म्हणजे आकार युरोपचा, मेरी युरोपची, आणि भट्टीजवळ घामाघूम झालेली माणसं आपली कोकणी.

मे १७३९ मध्ये वसई पडली. युरोपात जिंकलेल्या शहराच्या घंटांवर तोफखान्याचा हक्क मानत. शहराने पैसे भरून त्या सोडवल्या नाहीत तर त्या वितळवून तोफा होत. आता तो दहा भागांचा आकडा आठवा. घंटेचं कासं जसंच्या तसं तोफेला चालत नाही, त्यात तांब्याची मोठी भर घालावी लागते. पण वसईच्या घंटा वाचल्या त्या एवढ्याच हिशेबाने, असं मला वाटत नाही. मराठ्यांना त्या वस्तूचं काम आधीच ओळखीचं होतं. घंटा देवासमोर वाजते. तिला फक्त दुसऱ्या देवासमोर न्यायचं होतं. ‘वाहणं’ हा आपला शब्द तिथे उपयोगी पडला. लूट सरदाराच्या घरात राहते. देवाला वाहिलेली वस्तू गावाची होते.

वाहणं सोपं नव्हतं. मेणवलीच्या घंटेचं वजन सुमारे ६५० किलो सांगतात. कोकणातून वर चढणाऱ्या बोरघाटात गाडीरस्ता झाला तो थेट १८३० मध्ये. त्याआधी घाटात जे चढे ते बैलाच्या पाठीवर किंवा माणसाच्या खांद्यावर. बैल फार तर शंभर-सव्वाशे किलो नेतो, आणि घंटेचे काही तुकडे करता येत नाहीत. माणशी तीस किलो धरले तरी एका वेळी वीस-बावीस खांदे लागतात, तेही मावळातल्या अरुंद पाउलवाटांवर एका लयीत चालणारे. ताम्हिणीच्या खाली उभं राहून वरचे कडे बघितले की हा हिशेब पायांना कळतो.

मग प्रत्येक घंटेला नवा यजमान मिळाला. नाशकात गोदाकाठी नारोशंकर राजेबहादुरांनी १७४७ मध्ये रामेश्वराचं देऊळ बांधलं. तिथे १७२१ सालची घंटा दर्शनी भिंतीवर चढली, आणि पुराचं पाणी कुठवर आलं हे सांगताना नाशिककर आजही तिचं नाव घेतात. मेणवलीची घंटा नाना फडणवीसांच्या गावी, कृष्णेच्या घाटावर मेणेश्वराजवळ आली. हे नवे यजमान श्रीमंत होते, सत्ताधारी होते, त्यांच्या पदरी कारागीर होते. कानस घेऊन तासाभरात मेरीचा चेहरा घासून टाकता आला असता. कुणी तो घासला नाही. आई आणि मूल आहे, राहू दे, असंच कुणीतरी म्हणालं असेल असं मी धरून चालतो.

यात एक दुःखही आहे आणि ते झाकू नये. ज्यांच्या सकाळ-संध्याकाळसाठी या घंटा ओतल्या गेल्या, ती माणसं वसईतच राहिली. वाडवळ आणि सामवेदी ख्रिस्ती समाज आजही तिथे आहे, आपलीच बोली बोलतो. त्यांच्या पूर्वजांनी एक आवाज गमावला. मेणवलीला त्यांच्यापैकी कुणी येऊन मेरीसमोर हात जोडले तर तीही पूजाच आहे.

जाल तेव्हा घंटा जोरात बडवू नका. चर्चमध्ये ती झोके घेत वाजे आणि लोलक दोन बाजूंना आदळे. आपल्याकडे ती स्थिर टांगलेली असते, त्यामुळे वर्षानुवर्षं ठोका त्याच जागी बसतो. ओठाच्या आतून बोट फिरवलं तर ती झिजलेली खळगी लागेल. एकदा हळूच वाजवा, लोलक धरून बाजूला करा, आणि बोटाचं टोक ओठाला अगदी अलगद टेकवा. ठोका ऐकू येईनासा झाल्यावरही खर्ज बोटात थरथरत राहतो.