लक्ष देणे आणि लक्ष ठेवणे

एकाग्रतेचा विषय निघाला की आपल्याकडील शिक्षक अजूनही द्रोणाचार्यांकडे धाव घेतात. झाडावरच्या पक्ष्याचा फक्त डोळा पाहणारा अर्जुन पिढ्यान् पिढ्या वर्गातील मुलांपुढे उभा केला जातो. बाकीच्या राजपुत्रांना झाड दिसले, फांद्या दिसल्या, गुरुजी दिसले. म्हणून ते नापास. मुलांनी घ्यायचा बोध ठरलेला असतो: लक्ष ही ज्याची त्याची करणी, आणि ज्याला ते नाही त्याचा तो दोष. कुणीही न शिकवता एकलव्याने कमावलेल्या एकाग्रतेचे त्याच गुरूने काय केले, हे मात्र त्या तासाला सांगितले जात नाही. कमावलेली एकाग्रता अंगठ्यासह कापून घेता येत असेल, तर तिला निव्वळ व्यक्तीच्या मनाचा गुण कसे म्हणायचे?

नाशिकरोडच्या एका वस्तीतील अभ्यासिकेत मी मुलांना शिकवतो. ‘याचे चित्त थाऱ्यावर नसते’ हा शाळेचा शेरा घेऊन पालक येतात. आता त्यात मोबाइलची भर पडली आहे. शेरा खराही असेल. पण चित्त थाऱ्यावर नसते तेव्हा ते कुठे असते, हे कुणी विचारत नाही. मला इथे तोच प्रश्न विचारायचा आहे, आणि तो मानसशास्त्र व मेंदुविज्ञान यांनी हाती दिलेल्या पुराव्याच्या आधाराने विचारायचा आहे.

आपल्या भाषेने या बाबतीत एक भेद आधीच करून ठेवला आहे. आपण लक्ष ‘देतो’ आणि लक्ष ‘ठेवतो’. पुस्तकात लक्ष द्यायचे, दारावर लक्ष ठेवायचे. देण्यात विश्वास आहे, ठेवण्यात पहारा आहे. माझे म्हणणे एवढेच की, ज्या माणसाला सतत पहारा ठेवावा लागतो त्याच्याजवळ द्यायला लक्ष कमी उरते. आणि पहारा कुणी ठेवायचा हे समाजरचना ठरवते.

प्रथम लक्षाची मर्यादा समजून घेऊ. १९५३ मध्ये कॉलिन चेरी यांनी माणसाच्या दोन कानांत एकाच वेळी दोन वेगळी भाषणे ऐकवली आणि एका कानातले भाषण ऐकता ऐकता मोठ्याने म्हणायला सांगितले. दुसऱ्या कानात काय बोलले गेले, हे लोकांना जवळजवळ काहीच सांगता आले नाही. बोलणारा पुरुष होता की बाई, एवढेच कळले होते. १९५९ मध्ये नेव्हिल मोरे यांनी या दुर्लक्षित कानात ऐकणाऱ्याचे स्वतःचे नाव घातले. तेव्हा सुमारे एकतृतीयांश लोकांना ते ऐकू आले. म्हणजे मेंदू दुर्लक्षित बाजूचे दार पूर्ण लावून घेत नाही. आपल्या नावासाठी फट ठेवतो. ज्यांना पिढ्यान् पिढ्या नावाने नव्हे तर जातीच्या नावाने हाक मारली गेली, त्यांच्या कानाची फट कशासाठी उघडी राहत असेल, याचा विचार वाचकांनी करावा. हा प्रयोगाचा निष्कर्ष नाही; माझे अनुमान आहे.

डोळ्यांचेही तेच. १९९९ मध्ये डॅनियल सायमन्स आणि ख्रिस्तोफर चॅब्रिस यांनी चेंडू झेलणाऱ्यांची चित्रफीत दाखवून चेंडू किती वेळा दिला गेला ते मोजायला सांगितले. मध्येच गोरिलाचा वेश केलेली व्यक्ती चालत आली, छाती बडवून गेली. पाहणाऱ्यांपैकी सुमारे निम्म्यांना ती दिसलीच नाही. अर्जुनाला झाड दिसले नाही हे त्याचे थोरपण नव्हते. एका जागी लक्ष खर्च झाले की दुसरीकडे ते उरत नाही, हा साध्या माणसाच्या मेंदूचाच नियम आहे.

पहारा ठेवणे हे तर फार थकवणारे काम आहे. दुसऱ्या महायुद्धात रडारवर तासन् तास डोळे लावून बसणाऱ्यांकडून खुणा का निसटतात, हे नॉर्मन मॅकवर्थ यांनी शोधले. घड्याळासारख्या तबकडीवर काटा टकटक पुढे सरकतो. क्वचित एकदम दोन घरे उडी मारतो. ती उडी टिपायची. १९४८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासात दिसले की, पहिल्या अर्ध्या तासानंतरच माणसे उड्या चुकवू लागतात. नाशिकरोडच्या नोटांच्या छापखान्यात छापील कागद दोषासाठी नजरेखालून घालणाऱ्या हातांना हे कुणी सांगायला नको. फरक इतकाच की, कामगाराच्या पहाऱ्याला पाळीचा भोंगा असतो. जातीच्या पहाऱ्याला पाळी नाही, सुटी नाही.

मेंदूत हे कसे घडते? मायकेल पोस्नर आणि स्टीव्हन पीटरसन यांनी १९९० मध्ये मांडले की, लक्ष ही एकच शक्ती नसून तीन यंत्रणांचे मिळून चाललेले काम आहे. पहिली जागे ठेवणारी. मेंदूच्या देठात निळसर पेशींचे दोन लहानसे ठिपके आहेत. ते नॉरअॅड्रिनॅलिन हे द्रव्य मेंदूभर पाठवून त्याला सावध करतात. दुसरी दिशा देणारी. तिचे मुख्य ठाणे डोक्याच्या वरच्या-मागच्या भागात आहे. तिसरी नियंत्रण करणारी. गणित सोडवताना बाहेरचा गलका बाजूला सारायचा, मनात येणारा दुसरा विचार थोपवायचा, हे काम कपाळामागच्या भागाकडे आणि त्याला लागून आत असलेल्या पट्ट्याकडे असते.

आपल्या प्रश्नाचे मर्म पहिल्या आणि तिसऱ्या यंत्रणेच्या नात्यात आहे. सावधपणा बेताचा असेल तर नियंत्रण उत्तम चालते. पण भीती आणि ताण वाढला की ती द्रव्ये मर्यादेबाहेर झरतात आणि कपाळामागचा भाग दुबळा पडतो, असे येल विद्यापीठातील एमी आर्न्स्टन यांच्या प्रदीर्घ संशोधनाने दाखवले आहे. मग माणूस प्रत्येक आवाजाकडे वळतो, प्रत्येक चेहरा वाचतो. जंगलात हे प्राण वाचवते. वर्गात ते ‘चंचलपणा’ म्हणून वहीत नोंदले जाते.

आता बाबासाहेबांची सातारची शाळा आठवा. त्यांनी स्वतःच लिहून ठेवले आहे: बसायला घरून आणलेले गोणपाट, शाळा झाडणारा गडी त्याला हात लावणार नाही म्हणून ते रोज घरी न्यायचे. नळाला हात लावायचा नाही. शिपाई आला आणि त्याने तोटी सोडली तरच पाणी. शिपाई नाही तर पाणी नाही. आपण ही हकिगत अपमानाची म्हणून वाचतो, आणि ती तशी आहेच. पण ती लक्षाच्या अंगानेही वाचून पाहावी. फळ्यावर गणित आहे, घसा कोरडा आहे आणि एक डोळा शिपायाच्या वाटेकडे आहे. शेजारच्या मुलाला फक्त गणितात लक्ष द्यायचे आहे. या मुलाला गणितात लक्ष द्यायचे आहे आणि शिपायावर ठेवायचेही आहे. दोघांची परीक्षा मात्र एकच.

हा केवळ भावनेचा प्रश्न नाही, याला पुरावा आहे. कार्ला हॉफ आणि प्रियांका पांडे यांनी उत्तर प्रदेशात सहावी-सातवीच्या मुलांना कागदावरचे चक्रव्यूह सोडवायला दिले. जात जाहीर केली नव्हती तेव्हा ‘वरच्या’ आणि ‘खालच्या’ जातींच्या मुलांत म्हणण्यासारखा फरक नव्हता. बाप-आजाच्या नावासह प्रत्येकाची जात सर्वांसमक्ष वाचून दाखवली, तेव्हा दलित मुले मागे पडली. २००६ मध्ये हा अभ्यास प्रसिद्ध झाला. मुले तीच, बुद्धी तीच. मध्ये फक्त एक उच्चार आला. टोनी श्मेडर आणि मायकेल जॉन्स यांनी अमेरिकेत २००३ मध्ये दाखवले की, आपल्या गटाविषयीच्या हीन समजाचे सावट पडले की काम करताना मनात माहिती धरून ठेवण्याची जागाच आकसते. अशा प्रयोगांवर वाद आहेत. पुढे काही ठिकाणी परिणाम लहान निघाला. ते लपवण्याचे कारण नाही. पण परिणामाचे माप वादाचे असले, तरी दिशा विचार करायला लावणारी आहे.

गरिबीचेही असेच. तामिळनाडूतील ऊस शेतकऱ्यांचा अभ्यास २०१३ मध्ये प्रसिद्ध झाला. ऊसतोडीआधी हात तंग असताना आणि ऊसतोडीनंतर पैसे आल्यावर त्याच शेतकऱ्यांची चाचणी घेतली. तंगीच्या दिवसांत तेच डोके कमी चालले. उधारीचा हिशेब मनात चालू असतो, तोही पहाराच.

इथे कुणी म्हणेल, मग ध्यान करा. हा सल्ला हसण्यावारी नेण्यासारखा नाही. आपल्याच जिल्ह्यात इगतपुरीला १९७६ पासून विपश्यनेचे केंद्र उभे आहे. दहा दिवसांच्या शिबिरात पहिले तीन दिवस केवळ येणाऱ्या-जाणाऱ्या श्वासाकडे पाहायचे असते. लक्ष सुटते, सुटले हे कळते, परत आणायचे. हीच तिसऱ्या यंत्रणेची तालीम. डोळ्यांपुढून झरझर जाणाऱ्या अक्षरांत एक खूण टिपली की पुढच्या अर्ध्या सेकंदात आलेली दुसरी खूण सहसा निसटते. हेलीन स्लॅग्टर आणि सहकाऱ्यांनी २००७ मध्ये दाखवले की, अमेरिकेत तीन महिने विपश्यना केलेल्यांची ही चूक कमी झाली. बुद्धाने सांगितलेली सती, म्हणजे जागृती, सरावाने वाढते याला हा दुजोराच आहे.

पण ध्यानाचा सल्ला एकट्याने पुरा पडत नाही. ‘द बुद्ध अँड हिज धम्म’मध्ये बाबासाहेबांनी धम्म हा सामाजिक असल्याचे निक्षून सांगितले: माणसा-माणसांमधला न्याय्य व्यवहार म्हणजे धम्म. पहारा ठेवायला लावणारी व्यवस्था तशीच ठेवून पहारेकऱ्याला मनःशांती शिकवणे, हा धम्म नव्हे.

याची साक्ष त्रिरश्मी लेण्यांच्या दगडात आहे. दहाव्या लेण्यात नहपानाचा जावई उषवदात याचा लेख आहे. त्याने गोवर्धन येथील विणकरांच्या एका श्रेणीकडे २,००० कार्षापण कायमचे ठेवले. व्याज दरमहा शेकडा एक. त्यातून लेण्यात वर्षावास करणाऱ्या २० भिक्षूंना चिवरासाठी प्रत्येकी १२ द्यायचे. हिशेब करून पाहा: महिन्याला २०, वर्षाला २४०, वीस जणांना बारा-बारा. तंतोतंत जुळतो. श्वासावर लक्ष देणाऱ्या भिक्षूला अंगावरच्या वस्त्राची चिंता पडू नये, याची तरतूद सुमारे १,९०० वर्षांपूर्वी आपल्याच गावात झाली होती. आणि ते व्याज विणकरांच्या मागावरून येत होते, हेही विसरू नये. एकाची एकाग्रता नेहमी कुणाच्या तरी श्रमावर उभी असते.

म्हणून वस्तीतील मुलाचे चित्त थाऱ्यावर नाही असे दिसले, तर आधी थारा पाहावा. वसतिगृहात जागा मिळाली का? शिष्यवृत्ती वेळेवर आली का? आडनाव ऐकून वर्गात कुजबुज होते का? संध्याकाळी दिवा, टेबल आणि दोन तासांची शांतता त्याच्या वाट्याला येते का? माझ्या अभ्यासिकेत मी मुलांना श्वासाकडे पाहायला शिकवतो. पण त्याआधी दाराशी कुणी मोठे माणूस बसवतो. कोण आले, कोण ओरडले ते तो पाहतो. मुलांनी तेवढा वेळ फक्त पुस्तकात पाहायचे असते. पहारा दुसऱ्याने घेतला की त्यांच्यातली कितीतरी ‘चंचल’ मुले मान वर करत नाहीत.