विश्लेषण : दरवर्षी त्याच तारखेला तोच वार… हॉबिटांची काल्पनिक दिनदर्शिका वास्तवात का आली नाही?

वाढदिवस यंदा रविवारी आला, तर पुढच्या वर्षी तो सोमवारी किंवा मंगळवारी येतो. तारीख तीच राहते, वार सरकतो आणि भिंतीवर दरवर्षी नवे कॅलेंडर लावावे लागते. जे. आर. आर. टोल्कीन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मधील हॉबिटांना मात्र ही अडचण नाही. १९५५ मध्ये प्रकाशित झालेल्या तिसऱ्या खंडाच्या परिशिष्टात टोल्कीन यांनी हॉबिटांच्या ‘शायर’ या प्रदेशाची कालगणना तपशीलवार मांडली आहे.

वर्षाची रचना कशी?

वर्षात प्रत्येकी ३० दिवसांचे १२ महिने, म्हणजे ३६० दिवस. उरलेले पाच दिवस कोणत्याच महिन्यात नाहीत. वर्षाचा शेवटचा आणि पहिला दिवस हे ‘यूल’चे. सहाव्या आणि सातव्या महिन्यांच्या मध्ये ‘लिथ’चे तीन दिवस, त्यातला मधला ‘मध्यवर्ष दिन’. लीप वर्षात त्याला जोडून ‘ओव्हरलिथ’ हा जादा दिवस येतो.

वार का सरकत नाही?

३६५ दिवसांचे ५२ आठवडे होतात आणि एक दिवस उरतो. वार सरकतो तो याच दिवसामुळे. हॉबिटांनी मध्यवर्ष दिनाला वारच ठेवला नाही, ओव्हरलिथलाही नाही. त्यामुळे प्रत्येक वर्ष शनिवारी सुरू होऊन शुक्रवारी संपते. कोणत्याच महिन्याची पहिली तारीख शुक्रवारी येत नाही. म्हणून ‘एक तारखेचा शुक्रवार’ म्हणजे कधीच न उजाडणारा दिवस, असा विनोद शायरमध्ये रूढ आहे.

प्रत्यक्षात असा प्रयत्न झाला?

झाला. एलिझाबेथ अकेलिस यांनी १९३० मध्ये ‘वर्ल्ड कॅलेंडर’ मांडले. त्यातही वर्षअखेरचा एक दिवस वाराविना होता. १९५० च्या दशकात भारताने हा विषय संयुक्त राष्ट्रांपुढे नेला. शास्त्रज्ञ मेघनाद साहा त्याचे पुरस्कर्ते होते. मात्र १९५५ मध्ये अमेरिकेने विरोध केला आणि पुढच्या वर्षी विषय बासनात गेला.

विरोध कशाला?

सात दिवसांची साखळी तुटण्याला. वाराविना एक दिवस घातला, की त्यानंतरचा शनिवार आठव्या दिवशी येतो. ज्यूंचा शब्बाथ, ख्रिस्ती धर्मीयांचा रविवार आणि मुस्लिमांचा जुम्मा या साखळीवरच चालतात. श्रावणी सोमवारांचेही तेच.

भारताने पुढे काय केले?

साहा यांच्या अध्यक्षतेखालील समितीच्या शिफारशींनुसार २२ मार्च १९५७, म्हणजेच १ चैत्र शके १८७९ पासून राष्ट्रीय दिनदर्शिका लागू झाली. तिने महिन्यांचे दिवस ठरवून दिले, वारांना हात लावला नाही. शायरमध्ये सगळ्यांचा आठवडा एकच होता. खऱ्या जगात मात्र वाराविना दिवस कोणी पाळायचा, यावरच गाडी अडली.