छोटा हत्ती

महाडची बाजारपेठ जुनी आणि गल्ल्या अरुंद. मोठा ट्रक आत शिरला की दोन्ही बाजूंचा व्यवहार थांबतो. पोलादपूरच्या वरच्या वाड्यांचा रस्ता तर एका गाडीपुरताच. मग घराचे पत्रे, सिमेंट, आंब्याच्या पेट्या, गणपतीची मूर्ती न्यायची कशात?

पूर्वी बैलगाडी होती, नाहीतर माणसाचे डोके होते. पुढे तीनचाकी टेम्पो आला. टेम्पो हे मूळचे एका जर्मन गाडीचे नाव. आपण ते सगळ्याच लहान मालगाड्यांना देऊन टाकले! तीनचाकी गल्लीत झकास फिरते. पण माल उंच भरून वळण जोरात घेतले की कलंडते. आणि आपल्या या दोन तालुक्यांत वळणांना काय तोटा?

२००५ साली टाटा मोटर्सच्या पुण्याच्या कारखान्यातून एक चारचाकी गाडी बाहेर पडली. कंपनीने नाव ठेवले ‘एस’. लोकांनी ठेवले छोटा हत्ती, आणि तेच टिकले. गिरीश वाघ हे या कामाचे प्रमुख इंजिनियर. तीनचाकी चालवणाऱ्यांना काय हवे, हे आधी विचारून मग गाडी आखली.

गाडी स्वस्त कशी पडली? तर इंजिन अर्धे केले म्हणून. याच कंपनीची इंडिका ही मोटार १९९८ साली आली होती. तिच्या डिझेल इंजिनात चार सिलिंडर. सिलिंडर म्हणजे नळकांडे. त्यात डिझेल पेटते, दट्ट्या ढकलला जातो आणि त्या जोरावर चाक फिरते. इंजिनियरांनी त्याच धर्तीवर दोनच सिलिंडरांचे इंजिन बनवले. इंडिकाचे इंजिन १४०५ सीसीचे, हे ७०२ सीसीचे. ताकद १६ घोड्यांची. माहितीचे इंजिन असल्याने सगळे नव्याने शोधावे लागले नाही.

पण नुसते इंजिन उचलून भागत नाही. इंडिकाची पुढची चाके गाडी ओढतात. माल मागे भरून चढ चढताना भार मागे जातो, पुढची चाके हलकी होतात आणि घसरतात. म्हणून छोट्या हत्तीत इंजिनाचा जोर मागच्या चाकांना दिला. पुढे-मागे ट्रकसारखे लोखंडी पाटे बसवले. फ्रान्सच्या सित्रोएन कंपनीनेही आपल्या स्वस्त मोटारीच्या भागांवर साध्या पत्र्याच्या गाड्या बांधल्या होत्या. त्या आफ्रिकेत आयव्हरी कोस्टमध्ये तयार होत. युक्ती जुनीच आहे.

आता मुद्द्याचे. पहिल्या छोट्या हत्तीचा भार ठरवला होता ७५० किलो. सिमेंटची गोणी ५० किलोची. म्हणजे १५ गोण्या. जागा तर आणखी दिसते! मग मालक म्हणतो, “अरे, टाक अजून दहा, जातील.” सपाटीवर जातातही. पण पोलादपूरहून आंबेनळी घाटाने महाबळेश्वर गाठायचे, म्हणजे १३०० मीटरांहून जास्त उंची. तिथे १६ घोडे दमतात. उतरताना धोका त्याहून मोठा. भार जास्त असला की ब्रेक सारखा दाबावा लागतो, तो तापतो, आणि तापलेला ब्रेक धरत नाही. म्हणून ज्या गिअरने चढलात त्याच गिअरने उतरा. डिझेल वाचवायला गाडी न्यूट्रल करून सोडणारे काही शहाणे असतात. त्यांच्या शेजारी बसू नये.

लग्नसराईत याच गाडीत वऱ्हाड भरतात. मालाच्या गाडीत अशी माणसे नेणे कायद्याला मान्य नाही. अपघात झाला तर विम्याचे पैसे मिळणेही कठीण.

आता पेट्रोलचे, गॅसचे, विजेवरचेही छोटे हत्ती निघाले आहेत. प्रत्येकाचा भार वेगळा. तो गाडीच्या कागदांवर लिहिलेला असतो. रिकाम्या गाडीचे वजन आणि भरल्या गाडीचे वजन, असे दोन आकडे शोधा. मोठ्यातून लहान वजा करा. त्यातून ड्रायव्हरचे आणि शेजाऱ्याचे वजन काढा. उरेल त्याला ५० ने भागा आणि तितक्याच गोण्या हमालाला चढवायला सांगा.