कुठले देशमुख?

नवी ओळख झाली की मराठी माणूस आडनावावर थांबत नाही. समोरच्याने ‘जोशी’ म्हटले की पाठोपाठ विचारतो, ‘कुठले जोशी?’ गाव कळले की कुलदैवत विचारतो, आजोबांचे नाव विचारतो आणि मगच नाते लागते का ते पाहतो. नुसत्या आडनावावरून काहीच ठरत नाही हे त्याला पक्के ठाऊक असते. पण हाच माणूस इतिहासाचे पुस्तक उघडतो आणि हा प्रश्न विचारायचे विसरतो. आडनाव जुळले की पूर्वज जुळवतो. गावाचे नाव जुळले की तह आपल्याच वेशीवर झाला म्हणून सांगतो. घराण्यांचे इतिहास, म्हणजे आपले कुलवृत्तांत, वाचतानाही असेच घडते. हा ग्रंथप्रकार मराठीत चांगला रुजलेला आहे आणि तो नीट वाचला जावा असे मला मनापासून वाटते. म्हणून त्याभोवतीच्या काही समजुती इथे तपासतो.

सर्वांत पसरलेली समजूत अशी, की आडनाव एक म्हणजे मूळ पुरुष एक.

‘देशमुख’ हे उदाहरण घेऊ. देशमुख हा परगण्याचा वतनदार. वसुली आणि बंदोबस्त ही त्याची कामे, तर हिशेबाचे दप्तर देशपांड्याकडे. गावपातळीवर याच कामांसाठी पाटील आणि कुलकर्णी. परगणे अनेक, म्हणून देशमुखही अनेक, आणि त्यांचा एकमेकांशी रक्ताचा संबंध असण्याचे काही कारण नाही. लोकहितवादी गोपाळ हरि देशमुख (1823–1892) यांच्या घराण्याचे मूळ आडनाव सिद्धये. ते चित्पावन. रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर चिंतामणराव देशमुख महाडजवळच्या नात्याचे, चांद्रसेनीय कायस्थ प्रभू. कृषिमंत्री पंजाबराव देशमुख अमरावती जिल्ह्यातल्या पापळचे कुणबी-मराठा, आणि नानाजी देशमुख मराठवाड्यातले देशस्थ. मुसलमान देशमुखही आहेत. या सगळ्यांना एका वंशवृक्षावर बसवायचे म्हटले तर झाड कागदावरसुद्धा उभे राहणार नाही.

पाटलांचेही तसेच. रयत शिक्षण संस्था उभी करणारे कर्मवीर भाऊराव पायगौंडा पाटील जैन होते. पाटील मराठ्यांत आहेत, आगरी-कोळ्यांत आहेत, लेवा पाटीदारांत आहेत. जोशी तर महाराष्ट्राच्या हद्दीतही मावत नाहीत. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी मराठी, कवी उमाशंकर जोशी गुजराती, कम्युनिस्ट नेते पूरणचंद जोशी अल्मोड्याचे. ज्योतिषाचे काम जिथे जिथे होते तिथे तिथे हे आडनाव आपापले उगवले.

याची दुसरी बाजू फार कमी लोकांच्या ध्यानात येते. आडनाव वेगळे, पण कूळ एक, असेही सर्रास होते. नाना फडणीस जन्माने भानू, कोकणातल्या वेळासच्या घराण्यातले. फडणिशी हे त्यांच्याकडे आलेले काम, आणि तेच पुढे नाव झाले. शिवाजी महाराजांचे चिटणीस बाळाजी आवजी मूळचे चित्रे. दर्यावर कीर्ती मिळवणाऱ्या आंग्र्यांचे जुने आडनाव संकपाळ. म्हणून वंश शोधायला निघालेल्याने एकच आडनाव धरून बसू नये. घराण्यातला कोणी कधी कोणत्या हुद्द्यावर गेला, कोणत्या गावी राहायला गेला, हे आधी पाहावे. कुलकर्णी वतने 1950 च्या कायद्याने संपली, पण आडनावे राहिली. आज कुलकर्णी आडनावाच्या माणसाने गावचे दप्तर पाहिलेले नसते आणि त्याच्या पणजोबांच्या आजोबांचे आडनाव भलतेच असू शकते.

दुसरी समजूत ‘कर’वाल्यांची. अमुकगावकर आहोत, तेव्हा अमुकगावचे सगळे आपले भाऊबंद.

जरा विचार केला तर कळते, की गावात राहणाऱ्याला गावाच्या नावाने ओळखण्यात काही अर्थच नसतो. वडगावात सगळेच वडगावचे. माणूस वडगाव सोडून दुसरीकडे गेला की तिथले लोक त्याला वडगावकर म्हणतात. त्यामुळे हे नाव मूळ गावात कमी आणि बाहेर जास्त सापडते. शिवाय गाव सोडणारे एकाच घरातले नसतात. वेगवेगळ्या काळी, वेगवेगळ्या जातींची, वेगवेगळ्या धर्मांची माणसे त्याच गावातून बाहेर पडली आणि प्रत्येकाला तेच नाव चिकटले. भारताकडून कसोटी खेळलेले रामनाथ पारकर हिंदू आणि गुलाम पारकर कोकणी मुसलमान. आडनाव अक्षराला अक्षर तेच.

कधी हे नाव माणसाने स्वतः निवडलेले असते. मास्टर दीनानाथांच्या घराण्यात हर्डीकर, अभिषेकी ही नावे होती. मंगेशकर हे त्यांनी गोव्यातल्या मंगेशीवरून घेतले. डॉ. आंबेडकरांचे घराणे सकपाळांचे. मंडणगड तालुक्यातल्या आंबडवे गावावरून आंबडवेकर झाले आणि शाळेत त्याचे आंबेडकर झाले. नाना फडणिसांचे वेळासही त्याच मंडणगड तालुक्यात आहे. एका तालुक्यातून बाहेर पडलेल्या या दोन घराण्यांच्या नावांत आज त्या तालुक्याची खूण वरवर पाहणाऱ्याला दिसतच नाही. होळकरांचे होळ नीरेच्या काठचे, पण मल्हारराव वाढले खानदेशात तळोद्याला, मामा भोजराज बारगळांकडे. इंदूरला होळकरांचा राजवाडा पाहणाऱ्या किती जणांना ते छोटे गाव आठवत असेल!

आणि खुद्द गाव तरी एकच असते का? वडगावचेच पाहा. इंग्रजांना नमवणारा जानेवारी 1779 चा तह वडगावला झाला, हे शाळेत सगळे शिकतात. पण वडगाव कोणते? पुणे जिल्ह्यातच वडगाव मावळ, वडगाव शेरी, वडगाव बुद्रुक, वडगाव खुर्द, वडगाव निंबाळकर, वडगाव आनंद, वडगाव रासाई, वडगाव काशिंबेग. कोल्हापूरकडे पेठ वडगाव. विदर्भ-मराठवाड्यातली आणखी वेगळी. वड दिसला की वडगाव, पिंपळ दिसला की पिंपळगाव, बोर दिसली की बोरगाव, अशी आपल्याकडे गावे वसली. तह झाला तो मावळातल्या वडगावला. मुंबईहून बोरघाट चढून पुण्यावर चाललेली इंग्रजी फौज तिथे कोंडीत सापडली होती. फौज कोणत्या वाटेने चालली होती हे पाहिले की बाकीची वडगावे आपोआप गळून पडतात. जुन्या कागदात नुसते ‘मौजे वडगाव’ वाचून स्वस्थ बसू नये. पुढे ‘तर्फ’ कोणती, ‘परगणा’ कोणता, हे बहुधा त्याच ओळीत लिहिलेले असते. वाचणाऱ्याने घाईत तेवढेच सोडलेले असते.

आता माणसांच्या नावांकडे. इथे सगळ्यांत जास्त गफलती होतात आणि त्या भल्या भल्या वाचकांच्या होतात, कारण आपल्याकडे नातवाला आजोबांचे नाव ठेवण्याची रीत होती. पेशव्यांत बाळाजी विश्वनाथ, त्यांचे पुत्र बाजीराव, त्यांचे पुत्र पुन्हा बाळाजी, म्हणजे नानासाहेब. रघुनाथरावांनी मुलाचे नाव ठेवले बाजीराव, आजोबांचे. तोच शेवटचा पेशवा. भानूंच्या घरात बाळाजी महादेव, त्यांचे जनार्दन, त्यांचे बाळाजी जनार्दन, हेच नाना फडणीस. त्या काळच्या कागदांत पुष्कळदा आडनाव नसतेच. ‘बाळाजी जनार्दन’ एवढ्यावर भागते. वडिलांचे नाव वगळून नुसते ‘बाळाजी’ वाचले, किंवा पत्रातल्या ‘नाना’वर भिस्त ठेवली, तर फडणीस आणि पेशवा यांची अदलाबदल व्हायला वेळ लागत नाही. 1857 चे नानासाहेब तर तिसरेच. ते दुसऱ्या बाजीरावांचे दत्तक पुत्र धोंडोपंत.

भोसल्यांच्या घराण्यात संभाजी तीन लक्षात ठेवावे लागतात. शहाजीराजांचे थोरले पुत्र संभाजी कनकगिरीला पडले. शिवाजी महाराजांनी आपल्या थोरल्या मुलाला तेच नाव ठेवले, ते छत्रपती संभाजी महाराज, 1689 मध्ये औरंगजेबाने ज्यांना हाल करून मारले. तिसरे राजारामांचे पुत्र, कोल्हापूरच्या गादीवर बसलेले. 1731 चा वारणेचा तह या तिसऱ्या संभाजींचा आणि साताऱ्याच्या शाहूंचा. साल न पाहता ‘शाहू-संभाजी’ एवढेच वाचणाऱ्याला ते बापलेक वाटतील. होते ते चुलतभाऊ.

शाहूंबद्दलची गल्लत तर आजही रोज कानावर येते. संभाजी महाराजांचे पुत्र शाहू (1682–1749) साताऱ्याचे, बाळाजी विश्वनाथांना पेशवेपद देणारे. राजर्षी शाहू (1874–1922) कोल्हापूरचे, 1902 मध्ये आपल्या संस्थानात मागासवर्गीयांसाठी निम्म्या जागा राखून ठेवणारे. मध्ये सव्वाशे वर्षांचे अंतर आहे. शाहूपुरी साताऱ्यातही आहे आणि कोल्हापुरातही, म्हणून घोळात भर पडते. राजर्षींचा जन्म कागलच्या घाटगे घराण्यातला, नाव यशवंतराव. 1884 मध्ये ते दत्तक आले आणि शाहू झाले. याचा अर्थ एवढाच, की नाव पुढे चालते तेव्हा रक्तही पुढे चालतेच असे नाही.

दत्तकाची गोष्ट इथे थोडी विस्ताराने सांगायला हवी, कारण वंशावळीतली रेघ म्हणजे रक्ताची रेघ अशी अनेकांची ठाम समजूत असते. 1707 मध्ये शाहूराजे मोगलांच्या कैदेतून सुटून दक्षिणेत येत होते. पारद गावी लढाई झाली आणि तिथला लोखंडे पाटील मारला गेला. त्याच्या बायकोने लहान मूल आणून राजांच्या पालखीत घातले, अशी हकीकत सांगतात. राजांनी ते मूल आपले मानले, नाव फत्तेसिंह ठेवले, आडनाव भोसले दिले. अक्कलकोटचे भोसले ते हे. नागपूरचे भोसले हिंगणीकर म्हणून ओळखले जातात. शिवाजी महाराजांचे पूर्वज वेरूळचे. तीन ठिकाणचे तीन भोसले, आणि प्रत्येकाचा पूर्वेतिहास वेगळा. हिंदू समाजात दत्तकाला औरस पुत्राचाच मान होता. तो घराण्याचा पूर्ण वारस. म्हणून कुलवृत्तांत त्याला मुख्य रेघेत घेतो आणि ते योग्यच आहे. शोधणाऱ्याने तिथली ‘दत्तक’ ही छोटी खूण तेवढी पाहायला हवी, कारण त्या माणसाचा जन्म दुसऱ्याच वंशावळीत नोंदलेला असतो.

गोत्र एक म्हणजे नाते एक, ही समजूत लवकर आटोपते. काश्यप आणि भारद्वाज गोत्रांची माणसे काश्मीरपासून कन्याकुमारीपर्यंत आहेत. सगोत्र विवाहाची कायदेशीर अडचण 1946 च्या कायद्याने दूर केली. 1955 चा हिंदू विवाह कायदा पिढ्या मोजतो, वडिलांकडून पाच आणि आईकडून तीन. आडनाव तो विचारतच नाही.

शेवटची समजूत मला सर्वांत जास्त खटकते, कारण ती चांगल्या ग्रंथांवर अन्याय करते. ‘कुलवृत्तांतात छापले आहे, म्हणजे सिद्ध झाले.’

कुलवृत्तांत कसा तयार होतो ते पाहा. कुळातल्या घराघरांत माहितीचे छापील तक्ते धाडतात. वडीलधाऱ्यांच्या आठवणी टिपून घेतात. कुलोपाध्यायांकडची टिपणे मिळवतात. नाशिक-त्र्यंबकेश्वरच्या तीर्थोपाध्यायांच्या वह्या पाहतात. त्या वह्यांत यात्रेला आलेल्या माणसाने स्वतःचे, बापाचे, आजाचे, भावांचे नाव लिहून सही केलेली असते, गाववार आणि आडनाववार. या नोंदी फार मोलाच्या, कारण त्या लिहिताना कोणाला काही मिळवायचे नव्हते. वतनाच्या दाव्यातल्या वंशावळींचे तसे नाही. तिथे हिस्सा पणाला लागलेला असे. 1852 नंतर इनाम कमिशनपुढे घराण्यांना आपला हक्क शाबीत करावा लागला, आणि अशा वेळी मांडलेल्या वंशावळीत वाटेकरी शाखा गळण्याची, मूळ पुरुष मागे ढकलला जाण्याची शक्यता असते. मुलींची नावे तर तिथे बहुधा नसतातच, कारण वतन त्यांच्याकडे जात नव्हते. पुढच्या कुलवृत्तांतांनी सुनांची माहेरची नावे आणि त्यांच्या वडिलांची गावे नोंदून ही उणीव बरीच भरून काढली. मला या ग्रंथांतला हा भाग सर्वांत प्रिय आहे. त्यामुळे एका कुळाच्या पुस्तकातून दुसऱ्या कुळाच्या पुस्तकात वाट निघते.

घरची तोंडी माहिती चार-पाच पिढ्यांपर्यंत बरी टिकते. त्यापलीकडे बाळाजी-जनार्दन-बाळाजी अशी तीच ती नावे येऊ लागतात आणि दोन पिढ्या एक होतात किंवा एकीच्या दोन होतात. जाणता संपादक अशा ठिकाणी जबरदस्तीने धागा जोडत नाही. एका गावचे एक घराणे, त्याची मिळाली तेवढी माणसे, आणि वर ‘मुख्य वंशाशी संबंध लागत नाही’ असा शेरा, अशी प्रकरणे चांगल्या कुलवृत्तांतांच्या शेवटी असतात. आपले घराणे तिथे सापडले म्हणून नाराज होणारे वाचक असतात. त्यांनी माळ्यावरच्या पेटीतला मोडीतला खरेदीखताचा किंवा फारखतीचा कागद वाचून घ्यावा आणि त्याची नक्कल संपादकाकडे पाठवावी. पुढच्या आवृत्तीत शाखा जोडली जाते ती अशाच कागदांमुळे.